चोवीस तासांचा हिशेब

घरातील एखाद्या वडीलधाऱ्या माणसास तपासून झाल्यावर डॉक्टर जेव्हा ‘चोवीस तासांची लघवी साठवून आणा’ असे सांगतात, तेव्हा ते माणूस आणि त्याच्या बरोबरची मंडळी क्षणभर गप्प होतात. रक्त द्यावयाचे असले तर कोणी संकोचत नाही. बाही वर केली, सुई टोचली, की काम झाले. परंतु एक दिवस आणि एक रात्र आपली लघवी डब्यात साठवावयाची, तो डबा घरात ठेवावयाचा, आणि दुसऱ्या दिवशी कापडी पिशवीतून रस्त्याने न्यावयाचा, हे बोलून दाखविण्यासही अवघड वाटते. आणि ज्याविषयी बोलता येत नाही, त्यात चुकाही फार होतात. म्हणून या महिन्याचे हे पान या डब्यासाठी राखून ठेविले आहे.

बंगळूरच्या मल्लेश्वरम भागात माझ्या परिचयाचे एक मराठी कुटुंब आहे. १८९८ च्या प्लेगनंतर शहराची दाटी मोडून जी नवी वस्ती आखण्यात आली, ती ही. सरळ रस्ते, त्यांना छेदणारे क्रमांकांचे ‘क्रॉस’, आणि चाफ्याच्या नावाचा संपिगे रस्ता. मराठी माणसास येथे अगदीच परके वाटण्याचे कारण नाही. ज्या काडू मल्लेश्वराच्या देवळावरून या वस्तीस नाव मिळाले, तेथील १६६९ च्या शिलालेखात शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजीराजे यांनी देवास मेदरनिंगनहळ्ळी हे गाव दिल्याची नोंद आहे. या कुटुंबातील आजी बहात्तर वर्षांच्या. दर सोमवारी त्या देवळात जावयाचे आणि अर्धे मराठी, अर्धे कानडी बोलत घरी यावयाचे, हा त्यांचा कित्येक वर्षांचा नेम.

आजींच्या हृदयाचे ठोके अनियमित पडू लागले. अशा अवस्थेत हृदयात रक्ताची गुठळी होऊन ती मेंदूकडे जाण्याचे भय असते, म्हणून रक्त गोठू न देणारी गोळी द्यावी लागते. या जातीच्या काही गोळ्या बऱ्याच अंशी मूत्रपिंडांवाटे बाहेर पडतात. मूत्रपिंडे मंद झाली असतील तर गोळी शरीरात साचते आणि रक्तस्राव होतो. उलट भीतीपोटी मात्रा अकारण कमी केली, तर गुठळी टळत नाही. त्यांच्यासाठी निवडलेल्या गोळीची मात्रा मूत्रपिंडांची सफाई मिनिटास ५० मिलिलिटरच्या वर असल्यास एक, आणि त्याखाली असल्यास त्याहून कमी, अशी ठरलेली होती. तेव्हा प्रश्न नुसत्या कुतूहलाचा नव्हता. आजींचा आकडा ५० च्या कोणत्या बाजूस पडतो, यावर पुष्कळ अवलंबून होते.

रक्ताच्या अहवालात क्रिएटिनिन ०.९ निघाले. शेजारीच ‘सर्वसाधारण’ असे छापलेले होते. खाली संगणकाने सूत्राने काढलेला आकडा होता ६८. घरच्यांना हायसे वाटले. डॉक्टरांना मात्र वाटले नाही, कारण त्यांच्यासमोर बसलेली बाई ४६ किलो वजनाची, बारीक मनगटांची आणि जन्मभर शाकाहारी होती.

डॉक्टरांची ही शंका समजून घेण्यासाठी मूत्रपिंडांचे काम थोडे पाहिले पाहिजे. आपल्या प्रत्येक मूत्रपिंडात सूक्ष्म रक्तवाहिन्यांचे सुमारे दहा लाख गुच्छ असतात. हृदयातून निघणाऱ्या रक्ताचा जवळजवळ पाचवा हिस्सा या दोन मुठीएवढ्या अवयवांकडे जातो, आणि त्या गुच्छांतून दिवसाकाठी सुमारे १८० लिटर पाणी गाळले जाते. त्यातील बहुतेक सर्व शरीर परत घेते आणि दीड-दोन लिटर तेवढे लघवी म्हणून बाहेर टाकते. तेव्हा किती लघवी झाली यावरून मूत्रपिंडे किती गाळतात हे कळत नाही. ‘लघवीला तर भरपूर होते, मग मूत्रपिंडांना काय झाले?’ असे आपण अनेकांच्या तोंडून ऐकले असेल. वस्तुतः दुबळी झालेली मूत्रपिंडे लघवी दाट करण्याचे सामर्थ्य गमावतात. अशा माणसास उलट वारंवार, आणि विशेषतः रात्री, उठावे लागते.

मग गाळणीचे माप घ्यावयाचे कसे? मल्लेश्वरममधील एखादा क्रॉस डोळ्यांपुढे आणा. समजा, प्रत्येक घरापुढे दोन किलो कचरा ठेविलेला आहे. सफाईची गाडी किती घरांपुढे थांबली हे आपण पाहिलेले नाही. परंतु संध्याकाळी गाडीत दोनशे किलो कचरा भरला. तर त्या गाडीने शंभर घरांइतकी सफाई केली, हे घरात बसूनही सांगता येते. कदाचित तिने दोनशे घरांचा अर्धा अर्धाच कचरा उचलला असेल. तरी हिशेबात ती सफाई शंभर घरांचीच. मूत्रपिंडांची ‘क्लिअरन्स’ म्हणजे नेमके हेच. रक्तात दर मिलिलिटरमागे किती कचरा आहे हे रक्त तपासून कळते, दिवसभरात एकूण किती कचरा बाहेर पडला हे लघवीवरून कळते, आणि दुसऱ्यास पहिल्याने भागले की किती रक्तद्रवाची सफाई झाली ते निघते. त्यास दिवसाच्या १४४० मिनिटांनी भागावयाचे. तरुण, निरोगी माणसात हा आकडा मिनिटास शंभर ते सव्वाशे मिलिलिटरच्या आसपास असतो, स्त्रियांत थोडा कमी. चाळिशीनंतर तो हळूहळू उतरू लागतो.

या हिशेबास कचरा असा हवा, की जो दररोज ठराविक प्रमाणात तयार होईल, मूत्रपिंडाच्या गाळणीतून सहज जाईल आणि परत शोषला जाणार नाही. आपल्या स्नायूंतून रोज तयार होणारे क्रिएटिनिन हे बहुतांशी असे द्रव्य आहे. १८८६ मध्ये माक्स याफे या जर्मन शास्त्रज्ञाने पिक्रिक आम्लाबरोबर त्याला नारिंगी-तांबूस रंग येतो हे दाखविले. याच रंगाचा उपयोग करून क्रिएटिनिन मोजण्याची पद्धत पुढे रूढ झाली आणि तिची सुधारलेली रूपे आजही अनेक प्रयोगशाळांत चालतात. १९२६ मध्ये कोपनहेगनच्या पॉल ब्रांट रेबर्ग याने क्रिएटिनिन पोटात घेऊन रक्त व लघवी यांची मापे काढली आणि गाळणीचा वेग मोजण्याची वाट घालून दिली. आपल्या घरी येणारा डबा त्या प्रयोगाचा वंशज होय.

क्रिएटिनिनमध्ये एक खोट आहे. गुच्छांतून गाळले जाते त्याखेरीज थोडे क्रिएटिनिन मूत्रपिंडाच्या नलिका स्वतःहून लघवीत सोडतात. त्यामुळे डब्यावरून निघणारा आकडा खऱ्या गाळणीपेक्षा काहीसा चढाच येतो, आणि मूत्रपिंडे जितकी दुबळी तितका हा चढेपणा अधिक. डॉक्टर ते ध्यानात ठेवूनच आकडा वाचतात.

आता आजींच्या मनगटांकडे येऊ. क्रिएटिनिन स्नायूंत तयार होते. ज्याच्या अंगावर मांस थोडे, त्याच्या शरीरात ते थोडेच तयार होणार. शिजविलेल्या मांसातूनही काही क्रिएटिनिन पोटात जाते. शाकाहारी माणसाच्या बाबतीत तोही वाटा नाही. म्हणून अशा माणसाची मूत्रपिंडे अर्ध्यावर आली तरी रक्तातील क्रिएटिनिन छापील मर्यादेच्या आतच राहू शकते. घरापुढे कचराच कमी पडत असेल, तर रस्ता स्वच्छ दिसतो. त्यावरून गाडी नियमित येते असे म्हणता येत नाही. संगणकाची सूत्रे वय आणि स्त्री-पुरुष भेद धरतात, परंतु समोरच्या माणसाच्या दंडात किती मांस आहे हे त्यांस दिसत नाही. ती बहुतांशी पाश्चात्त्य देशांतील माणसांवरून बेतलेली असल्याने आपल्याकडे ती गाळणीचा वेग असतो त्याहून चढा दाखवितात, असे भारतीय रुग्णांवरील अभ्यासांतही आढळून आले आहे. शिवाय तो ६८ हा आकडा १.७३ चौरस मीटर अंगक्षेत्राच्या माणसास लावून सांगितलेला असतो. आजींचे क्षेत्र जेमतेम १.३८. त्या प्रमाणात उतरविला तर ६८ चे ५४ होतात. ५४ आणि ५० यांत अंतर ते किती! म्हणून डॉक्टरांनी डबा सांगितला.

आणि येथेच घोटाळा झाला. प्रयोगशाळेने डब्याबरोबर सूचनांचा कागद दिला होता, तो इंग्रजीत. (ज्या कामात सारी भिस्त घरच्या माणसावर आहे, त्याच्या सूचना त्या माणसास वाचता येतील अशा भाषेत नसाव्यात, याचे मला नेहमी नवल वाटते.) सूनबाईंनी तो वाचून सासूबाईंस समजावून सांगितला. परंतु दिवस निघाला सोमवार. आजी देवळात गेल्या, तेथून परस्पर एका ओळखीच्या घरी हळदीकुंकवास गेल्या, आणि या साऱ्या वेळात डबा घरी न्हाणीघरात होता. रात्री दोन वाजता त्या उठल्या, तेव्हा झोपेत सवयीने शौचालयात जाऊन आल्या. सकाळी डब्यात ७०० मिलिलिटर लघवी भरली. कोणी विचारले नाही. आजींनी सांगितले नाही. सांगावयाचे कोणास? मुलास? नातवास?

आकडा आला २४.

त्या आठवड्यात घरात काय झाले असेल याची आपण कल्पना करू शकाल. कोणी डायलिसिसचे नाव काढले. कोणी परगावच्या एका काढ्याचा पत्ता आणला. आजींनी स्वतःहून वरण सोडले, मीठ सोडले, आणि आठ दिवस ताकभातावर राहिल्या. त्या आधीच बारीक. आणखी दीड किलो उतरल्या. मुलाने रजा काढली आणि सर्वजण अहवाल घेऊन डॉक्टरांकडे गेले.

डॉक्टरांनी आधी २४ हा आकडा पाहिलाच नाही. त्यांनी लघवीतील एकूण क्रिएटिनिन काढले. दर १०० मिलिलिटरमागे ४५ मिलिग्रॅम, म्हणजे ७०० मिलिलिटरमध्ये ३१५. आजींच्या वजनाने भागता किलोमागे सात मिलिग्रॅमसुद्धा नाही. तरुण स्त्रीच्या लघवीतून दिवसाकाठी किलोमागे साधारण १५ ते २० मिलिग्रॅम क्रिएटिनिन जाते, तरुण पुरुषाच्या २० ते २५. वयाबरोबर स्नायू झडतात तसे ते कमी होते. तरी बहात्तराव्या वर्षी, त्या अंगलटीस, ११-१२ तरी हवे. मूत्रपिंडे आजारी असली तरीही, प्रकृती स्थिर असताना, रोज तयार झालेले क्रिएटिनिन रोज बाहेर पडतेच. ते केवळ रक्तातील वाढलेल्या पातळीवरून पडते, एवढाच फरक. मग उरलेले गेले कोठे? डॉक्टरांनी मुलास व नातवास बाहेर बसावयास सांगितले, दार लोटले, आणि आजींस हळूच विचारले, “अज्जी, काही वेळा डबा राहिला का?” आजी प्रथम काही बोलल्या नाहीत. मग त्यांनी बोटांवर मोजले: तीन वेळा.

आपल्या घरी असा अहवाल आला, तर आपणही हा एक भागाकार करून पहावा. एकूण क्रिएटिनिन वजनाच्या मानाने फारच कमी असेल तर काही लघवी वाया गेली असावी. फारच अधिक असेल तर चोवीस तासांहून अधिक काळाची साठविली गेली असावी. निर्णय अर्थातच डॉक्टरांनी द्यावयाचा. परंतु शंका तर आपणास विचारता येईल.

अधिक साठविली जाण्याचे कारण बहुधा एकच असते, पहिली लघवी. ती डब्यात घालावयाची नाही, हे कितीही वेळा सांगितले तरी लोकांस पटत नाही. ‘सुरुवात करावयाची आणि पहिलीच टाकून द्यावयाची?’ होय, टाकूनच द्यावयाची. सकाळी सहा वाजता आपण उठता तेव्हा मूत्राशयात जे असते ते मागील रात्रीचे, आपल्या हिशेबाबाहेरचे. ते रिकामे करावे, घड्याळ पहावे, वेळ कागदावर लिहावी. त्या क्षणी मूत्राशय मोकळे आणि डबाही मोकळा. खरी सुरुवात ती. त्यानंतर दिवसाची व रात्रीची प्रत्येक वेळची लघवी डब्यात. शौचास बसण्यापूर्वी आधी लघवी वेगळी धरावी, कारण त्या वेळची हमखास वाया जाते. दुसऱ्या दिवशी सकाळी सहा वाजता, इच्छा असो वा नसो, मूत्राशय शेवटचे मोकळे करावे. ही लघवी मात्र डब्यात घालावयाची. झोप लागून साडेसहा झाले तर घाबरू नये, ‘साडेसहा’ असेच लिहावे. प्रयोगशाळा १४४० ऐवजी १४७० मिनिटांनी भागेल आणि उत्तर तितकेच बरोबर येईल. चुकते ते उशिराने नव्हे, खोट्या वेळेने. आणि एखादी वेळ राहूनच गेली, तर तो दिवस सोडून द्यावा, डबा रिकामा करून दुसरा दिवस निवडावा. यात लाजण्यासारखे काही नाही; लपविण्याने काय होते ते वर आलेच आहे.

पाण्याविषयी दोन शब्द. त्या दिवशी कित्येकजण तांब्यावर तांबे पाणी पितात, आकडा चांगला यावा म्हणून. त्याने काही साधत नाही. लघवी दुप्पट झाली की तीतील क्रिएटिनिन निम्म्याने पातळ होते. गुणाकार तोच राहतो. नेहमीप्रमाणे प्यावे, नेहमीप्रमाणे जेवावे. मांसाहार करणाऱ्यांनी त्या दिवशी मांसाचे मोठे जेवण टाळावे आणि कोणीही अंगमेहनतीचा अतिरेक करू नये. स्त्रियांनी मासिक पाळीचे दिवस वगळावेत. चालू असलेली औषधे डॉक्टरांस आधी सांगावीत, कारण सिमेटिडिन किंवा ट्रायमेथोप्रिमसारखी काही औषधे नलिकांतून जाणारे क्रिएटिनिन अडवितात. रक्ताचा नमुनाही त्याच चोवीस तासांत किंवा त्यांच्या शेवटी द्यावयाचा असतो. आठवड्यापूर्वीचे रक्त आणि आजची लघवी यांचा भागाकार करण्यात अर्थ नाही.

डबा ठेवावयाचा कोठे, हा खरा घरगुती प्रश्न. तो थंड जागी ठेवावा, शीतकपाटात ठेविल्यास उत्तम, असे कागदावर लिहिलेले असते. परंतु ज्या शीतकपाटात देवाचे नैवेद्याचे दूध आहे तेथे हा डबा ठेवणे अनेक घरांत अशक्य, आणि त्यासाठी कोणाशी वाद घालावा असे मला वाटत नाही. न्हाणीघरात एका बादलीत थंड पाणी व बर्फ घालून त्यात घट्ट झाकणाचा डबा ठेवावा, बर्फ विरघळला की नवा घालावा. प्रयोगशाळेने डब्यात आधीच काही आम्ल घालून दिले असेल, तर ते ओतून टाकू नये आणि डबा धुऊ नये. अंगावर उडणार नाही अशा बेताने लघवी दुसऱ्या भांड्यात धरून मग ओतावी. अंथरुणातून उठणे कठीण असलेल्यांसाठी पलंगाजवळ स्वतंत्र भांडे ठेवावे, आणि रात्रीकरिता शौचालयाच्या दारास एक दोरी किंवा रंगीत कागद बांधावा. सवयीने चालत गेलेले माणूस तेथे थांबते आणि त्यास डबा आठवतो.

येथे सुज्ञ वाचक विचारतील, की सूत्रे उपलब्ध असताना एवढी यातायात कशास? प्रश्न रास्त आहे. बहुसंख्य लोकांस आता हा डबा लागत नाही. रक्त तपासून सूत्राने काढलेला आकडा त्यांस पुरतो, आणि अपुऱ्या डब्यापेक्षा तो निश्चितच बरा. सिस्टॅटिन-सी नावाचे दुसरे एक द्रव्यही आता रक्तात मोजता येते. ते स्नायूंवर फारसे अवलंबून नसते, परंतु थायरॉइडचे विकार व स्टेरॉइड औषधे यांचा त्यावर परिणाम होतो, आणि ते सर्वत्र तपासले जात नाही. डबा लागतो तो जेथे सूत्र फसण्याचा संभव आहे तेथे: फार कृश किंवा फार पिळदार शरीर, अवयव कापावा लागलेले रुग्ण, नेमकी मात्रा हवी असे औषध. आपल्या भावास किंवा मुलास मूत्रपिंड देऊ इच्छिणाऱ्या दात्याचीही गाळणी पुष्कळदा अशी मोजतात. गंमत अशी, की औषधांच्या मात्रेसाठी जे सूत्र जगभर वापरले जाते, ते १९७६ मध्ये कॉकक्रॉफ्ट आणि गॉल्ट यांनी २४९ पुरुष रुग्णांच्या अशाच चोवीस तासांच्या लघवीवरून बसविलेले आहे. स्त्रियांसाठी त्यात पंधरा टक्के वजा करावयाचे, हे त्यांनी अंदाजाने ठरविले.

आजींच्या बाबतीत दुसरा डबा बुधवारी सुरू झाला. त्या दिवशी कोठेही बाहेर जावयाचे नाही, असे सूनबाईंनी आधीच ठरवून टाकले. नातवाने शौचालयाच्या दारास लाल रिबीन बांधली आणि प्रत्येक वेळेची नोंद आजींनीच, चष्मा लावून, जुन्या दिनदर्शिकेच्या पाठीवर केली. एकूण १,२०० मिलिलिटर, त्यात ५४० मिलिग्रॅम क्रिएटिनिन. किलोमागे बारा मिलिग्रॅमच्या जवळ. डबा पुरा होता. ०.९ ने आणि १४४० मिनिटांनी भागून उत्तर आले ४२.

२४ नव्हे, आणि ६८ ही नव्हे. डॉक्टरांनी गोळीची कमी मात्रा लिहून दिली, गुडघेदुखीसाठी आजी दुकानातून परस्पर आणीत त्या वेदनाशामक गोळ्या बंद करविल्या, कारण त्या मूत्रपिंडांस बाधतात आणि रक्त पातळ ठेवणाऱ्या औषधाबरोबर रक्तस्रावाचा धोकाही वाढवितात, आणि वरण पूर्ववत सुरू करावयास सांगितले. सहा महिन्यांनी रक्त पुन्हा तपासावयाचे आहे, आणि जरूर पडली तर डबाही. दिनदर्शिकेवर तो दिवस आजींनी आताच धरून ठेविला आहे. सोमवार टाळून.